केसाइतकी बारीक : जपानच्या किझामी तंबाखूचा इतिहास

जपानमध्ये रेल्वेचे भाडे चुकवण्याच्या एका जुन्या युक्तीला 'किसेरू' असे नाव आहे. प्रवासी चढताना जवळच्या स्थानकापर्यंतचे तिकीट काढतो, उतरताना शेवटच्या टप्प्याचा पास दाखवतो आणि मधल्या लांब अंतराचे पैसे बुडवतो. किसेरू ही खरे तर तंबाखू ओढण्याची पारंपरिक जपानी नळी. तिची दोन्ही टोके धातूची आणि मधला दांडा बांबूचा असतो. जपानी भाषेत 'काने' म्हणजे धातू आणि 'काने' म्हणजेच पैसा. दोन टोकांना तेवढे 'काने', मध्ये नुसती पोकळी. म्हणून त्या भामटेगिरीला नळीचे नाव मिळाले.

हा शब्द जाणणाऱ्या बहुतेक जपानी तरुणांनी खरी किसेरू ओठांना कधी लावलेली नसते. एके काळी मात्र सामुराईपासून भातखाचरात राबणाऱ्या शेतकरणीपर्यंत सर्वांच्या हाती ती असे. तिच्या इवल्याशा वाटीत भरली जाई ती 'किझामी', म्हणजे केसाइतकी बारीक चिरलेली तंबाखू. तंबाखू जगात पुष्कळ ठिकाणी चिरली गेली, कुटली गेली, मळली गेली. पण तिला इतके बारीक करण्याचा ध्यास फार थोड्या समाजांनी घेतला. हा बारीकपणा कोठून आला, त्याने काय काय घडवले आणि तो कशामुळे मागे पडला, याचा हा धागा.

तंबाखू मूळची अमेरिकेची. सोळाव्या शतकात स्पॅनिश आणि पोर्तुगीज जहाजांनी तिला पूर्वेकडे आणले. जपानी 'ताबाको' आणि मराठी 'तंबाखू' ही एकाच शब्दाची दोन रूपे आहेत, कारण दोन्हीकडे वस्तू आणि नाव याच दर्यावर्दींच्या वाटेने पोहोचले. काळही जवळजवळ एकच. अकबराचा वकील असद बेग विजापूरला गेला आणि तेथे पाहिलेली नवलाईची तंबाखू घेऊन १६०४-०५ च्या सुमारास बादशहापुढे हजर झाला. त्याआधी तीन-चार वर्षे, १६०१ मध्ये, जेरोनिमो दे जेझुस या फ्रान्सिस्कन धर्मगुरूने तोकुगावा इएयासूला तंबाखूचे औषधी मलम आणि तंबाखूचे बी भेट दिल्याची नोंद जपानच्या इतिहासात आहे. इएयासू तेव्हा शोगुन व्हायचा होता. जपानमधील तंबाखूविषयी जुन्या आख्यायिका अनेक आहेत. खात्रीने बोट ठेवता येते ते या नोंदीवर. दख्खन काय किंवा जपान काय, तंबाखूने दरबारात पाऊल टाकले ते औषधाचा आणि अपूर्वाईचा वेष घेऊन.

नळीचे नाव मात्र युरोपातून आलेले नाही. 'किसेरू' हा शब्द ख्मेर भाषेतील 'ख्सिएर' या शब्दावरून आला असे सामान्यतः मानले जाते. कंबोडियात नळीला तसे म्हणतात. बांबूच्या मधल्या दांड्याला जपानीत 'राओ' म्हणतात. लाओसकडून येणाऱ्या बांबूमुळे ते नाव पडले, असे सांगितले जाते. सतराव्या शतकाच्या आरंभी शोगुनची लाल मोहर असलेले परवाने घेऊन जपानी व्यापारी जहाजे आग्नेय आशियात हिंडत होती. एका हातभर नळीत अमेरिकेचे पान, पोर्तुगीजांचा शब्द, कंबोडियाचे नाव आणि लाओसचा बांबू एकत्र आले. पुढे याच देशाने स्वतःची दारे जगाला जवळजवळ बंद करून घेतली. पण तोवर तंबाखू आत येऊन रुजली होती.

तोकुगावा राजवटीला ती सुरुवातीला मुळीच आवडली नाही. क्योतोत त्या काळी 'काबुकीमोनो' म्हणून ओळखले जाणारे उनाड तरुण टोळ्यांनी फिरत. भडक कपडे, विचित्र केशरचना, लांबलचक तलवारी आणि कमरेला खोचलेली भलीमोठी किसेरू हा त्यांचा थाट. त्यातील एका टोळीचे नाव 'काटे' आणि तिच्या प्रतिस्पर्धी टोळीचे 'कातडी विजार'. काट्यांना भीत नाही ती कातडी विजार, असा त्यातला खोचक अर्थ. १६०९ मध्ये या टोळ्यांची धरपकड झाली आणि त्याच वर्षी तंबाखूवर बंदी आली. १६१२ मध्ये आणि त्यानंतरच्या काही वर्षांत बंदीचे हुकूम पुन्हा पुन्हा निघाले. ओढणे, विकणे, पिकवणे, सगळेच गुन्हा ठरले.

एकच हुकूम वारंवार काढावा लागतो, तेव्हा तो कोणी पाळत नसतो, हे इतिहासाच्या विद्यार्थ्याला वेगळे सांगायला नको. हिरादो बंदरातील इंग्रज ईस्ट इंडिया कंपनीच्या वखारीचा प्रमुख रिचर्ड कॉक्स याने १६१५ च्या ऑगस्टमध्ये आपल्या रोजनिशीत या बंदीची दखल घेतली आहे. पुरुष, बायका, मुले सगळेच या वनस्पतीच्या इतके नादी लागलेले पाहून त्याला नवल वाटले. कारण ती वापरात येऊन, त्याच्या समजुतीप्रमाणे, दहा वर्षेही झाली नव्हती. दहा वर्षांत एक संपूर्ण समाज एखाद्या व्यसनाच्या अधीन होतो, आणि तेही तलवारीच्या बळावर शिस्त लावणारी राजवट डोक्यावर असताना, हे आजही विचार करायला लावणारे आहे.

बंदीमागे नुसता टोळ्यांचा राग नव्हता. शहरे लाकूड, कागद आणि गवती चटयांची होती. एक ठिणगी अख्खा मोहल्ला खाऊन टाकी. दुसरे कारण भाताचे. तोकुगावा राज्यात जमिनीची किंमत, जहागिरी, पगार सारे तांदळात मोजले जाई, आणि भाताच्या जमिनीत तंबाखू लावणे म्हणजे राज्याच्या मापालाच हात घालणे. १६४० च्या दशकाच्या आरंभी मोठा दुष्काळ पडला तेव्हा मुख्य शेतजमिनीत तंबाखू लावण्यास मनाई झाली. पण नव्याने लागवडीखाली आणलेल्या जमिनी, डोंगरउतार आणि पडीक तुकडे यांची वाट हळूहळू मोकळी होत गेली. अनेक जहागिरींना तंबाखूतून रोख पैसा मिळू लागला आणि रोख पैशापुढे हुकमांची धार बोथट झाली. सतराव्या शतकाच्या अखेरीस, गेनरोकूच्या संपन्न काळात, बंदीची भाषा मागे पडली होती.

आता या धाग्याचा मुख्य विषय. आरंभीची तंबाखू जाडीभरडी असे. त्या काळच्या पडद्यांवरील चित्रांत दिसणाऱ्या किसेरू लांबलचक आहेत आणि उत्खननात सापडणाऱ्या जुन्या नळ्यांच्या वाट्या बऱ्याच मोठ्या आहेत. पुढे चिरण बारीक होत गेली तशी वाटीही आक्रसत गेली. बारीक तंतू अगदी कमी ओढीने पेटतात, थोडक्यात संपतात आणि त्यांचा धूर मऊ लागतो. मग मोठी वाटी हवी कशाला? लहान वाटीत पुन्हा जाड तुकडे नीट पेटत नाहीत, म्हणून चिरण आणखी बारीक. वाटीने पात्याला आणि पात्याने वाटीला असे एकमेकांना घडवले. एदो काळाच्या उत्तरार्धात किझामीने केसाशी बरोबरी साधली. तिची जाडी मिलिमीटरच्या सुमारे दहाव्या हिश्श्याइतकी आली. त्यात गूळ नाही, मध नाही, अत्तर नाही. वेगवेगळ्या गावांची पाने एकत्र करून साधलेली चव, एवढाच तिचा मसाला.

हे काम सुरुवातीला घरगुती होते. दुकानदार पानांच्या जुड्या विकत घेई. पानावरची धूळ-माती झटकायची, मधली जाड शीर काढून टाकायची, वेगवेगळ्या प्रतीची पाने एकावर एक रचून त्यांची घट्ट गुंडाळी करायची, ही कामे बायकोची. ती गुंडाळी पाटावर ठेवून, वरून फळीने दाबून, रुंद आणि जड पात्याच्या सुरीने तिचे तंतू काढायचे, हे नवऱ्याचे. 'आई गुंडाळते, बाबा चिरतात' अशा अर्थाचा वाक्प्रचारच या दुकानांविषयी रूढ झाला होता. दिवसभर हात एका लयीत पडला पाहिजे. लय चुकली की एक तंतू जाड, एक बारीक, आणि गिऱ्हाइकाच्या जिभेला ते लगेच कळे. मजुरीवर लोकांची तंबाखू चिरून देणारे कारागीरही शहरांतून होते.

सुरीलाही प्रतिष्ठा होती. ओसाकाजवळचे साकाई हे बंदर लोहारकामासाठी प्रसिद्ध. तेथील तंबाखूच्या सुऱ्या इतक्या नावाजल्या की शोगुनशाहीने त्यांना गुणवत्तेचा शिक्का मारून विकण्याचा खास अधिकार दिला. साकाईच्या स्वयंपाकघरातील सुऱ्या आज जगभरचे आचारी घेतात. त्या कीर्तीच्या मुळाशी तंबाखू चिरणारे पाते आहे, हे त्यांतील किती जणांना ठाऊक असेल?

एकोणिसाव्या शतकाच्या उंबरठ्यावर दोन यंत्रे आली. दोन्ही हातानेच चालवायची. एकात पानांचा मोठा गठ्ठा दाबून ठोकळ्यासारखा घट्ट करीत आणि सुताराच्या रंध्यासारख्या पात्याने त्याच्या कडेवरून तंतू तासून काढीत. पाने चिकटून राहावीत म्हणून त्यांना तेल लावावे लागे. काम झपाट्याने होई, पण तेलामुळे चव उतरे. शिकोकू बेटावरील आवा प्रांतात, विशेषतः इकेदा गावी, या पद्धतीने मोठा व्यापार उभा राहिला. दुसऱ्या यंत्रात पानांची गुंडाळी चक्रांच्या साहाय्याने दर घावाला कणभर पुढे सरके आणि वरून सुरी पडे. ते हाताच्या चिरण्याच्या जवळ जाणारे होते, म्हणून उंची मालासाठी त्याला पसंती मिळाली. जपानच्या तंत्रेतिहासात कापडाच्या मागांवर ग्रंथ लिहिले जातात. या यंत्रांकडे फारसे कोणी वळून पाहत नाही, हा अन्यायच.

नळीची रचना सोपी आहे. पुढच्या टोकाला 'हिझारा', म्हणजे अग्नीची वाटी. ती बोटाच्या टोकाएवढीही नसते. ती ज्या वाकड्या धातूच्या मानेवर बसते तिचे नाव 'गानकुबी', म्हणजे हंसाची मान. मग बांबूचा 'राओ'. शेवटी 'सुइकुची', तोंडात धरायचे टोक. काही नळ्या सबंध धातूच्या असत. कागद पिळून केलेल्या सुतळीने नळी आतून साफ करीत. बांबू काळवंडून चोंदला की नवा घालायचा. त्यासाठी 'राओया' नावाचे फेरीवाले गल्लोगल्ली फिरत. मेइजी काळानंतर त्यांच्या गाडीवर वाफेचे छोटे बंब आले. वाफेने नळी साफ होई आणि त्याच वाफेची शिटी गल्लीला राओया आल्याची वर्दी देई.

किझामी ओढायची कशी? पिशवीतून चिमूटभर तंतू घ्यायचे. बोटांच्या टोकांत हलकेच फिरवून त्यांची वाटाण्याएवढी सैल गोळी करायची. ती वाटीत नुसती ठेवायची. दाबली की हवा कोंडते. मग वाटी तिरपी करून राखेत जपून ठेवलेल्या निखाऱ्याला टेकवायची आणि अगदी सावकाश ओढायचे. जोराने ओढले तर धूर कडू होतो आणि धातू तापतो. दोन झुरके, फार तर तीन, की गोळी संपली. बांबूच्या नळकांड्याच्या काठावर नळी हलकेच आपटायची. 'टक्' असा आवाज होऊन राख आत पडते. मन भरले नसेल तर पुन्हा चिमूट, पुन्हा गोळी. शेतात किंवा होडीत निखारा जवळ नसे, तेव्हा सरावलेले लोक संपत आलेली जळती गोळी उघड्या तळहातावर झटकत, ती इकडून तिकडे लोळवत ठेवत आणि तेवढ्यात नवी गोळी भरून तिच्यावरच पेटवत. तळहाताला घट्टे पडलेल्या माणसांचीच ही करामत.

या सगळ्यात प्रत्यक्ष धूर घेण्याचा वेळ कमी आणि तयारीचा वेळ जास्त. म्हणूनच किझामीला विसाव्याचा अर्थ चिकटला. औषधाची किंवा चहाची एक मात्रा, तिला जपानीत 'इप्पुकू' म्हणतात. नळीच्या एका भरण्यालाही तोच शब्द लागला आणि आजही 'इप्पुकू करू या' म्हणजे जरा दम घेऊ या. काही बोलींत तर 'तंबाखू करणे' याचा सरळ अर्थच कामातली सुट्टी असा आहे, मग कोणी ओढो वा न ओढो.

घरी पाहुणा आला की चहाबरोबर 'ताबाकोबोन' पुढे येई. बोन म्हणजे तबक. त्यात निखाऱ्याचे भांडे, राख झटकायचे बांबूचे नळकांडे, तंबाखूची डबी आणि एक-दोन नळ्या. चहाविधीतही हे तबक मांडले जाते. यजमान निवांत आहे, पाहुण्याने सैलावून बसावे, एवढाच त्याचा अर्थ, आणि बहुतेक पाहुणे त्याला हातही लावत नाहीत. बाहेर जाताना नळीची म्यान आणि तंबाखूची पिशवी कमरपट्ट्याला लटके. ती निसटू नये म्हणून दोरीच्या दुसऱ्या टोकाला कोरीव गुंडी असे, तिला 'नेत्सुके' म्हणतात. जगातील संग्रहालये ज्या इवल्या हस्तिदंती आणि लाकडी नेत्सुकेंसाठी धडपडतात, त्यांतल्या कितीतरी तंबाखूच्या पिशवीच्या राखणदार होत्या. १८७६ मध्ये सामुराईंना तलवार बाळगण्यास मनाई झाली, तेव्हा तलवारीच्या मुठी आणि तबके सजवणारे धातुकारागीर उघड्यावर पडले. त्यांतील अनेकांनी आपला हात पिशव्यांच्या धातूच्या कड्यांकडे आणि किसेरूंकडे वळवला. त्या काळातील काही नळ्यांवरील नक्षी तलवारीच्या साजालाही लाजवील अशी आहे.

शहराच्या रंगेल बाजूकडेही पाहिले पाहिजे. एदोच्या योशिवारा वस्तीत लाकडी जाळीमागे बसलेली गणिका स्वतः पेटवलेली नळी जाळीतून बाहेर उभ्या माणसाला देई; ते आमंत्रण समजले जाई. काबुकी रंगभूमीवरील 'सुकेरोकू' या नाटकाच्या नायकावर गणिकांकडून अशा नळ्यांचा वर्षाव होतो आणि तो त्यांतली एक पायाच्या बोटांत धरून एका मस्तवाल श्रीमंत सामुराईपुढे करतो. सामान्य शहरी प्रेक्षकाला त्या पायाने केलेल्या अपमानात काय आनंद मिळत असेल, याची कल्पना करता येते. रंगमंचावर नळी धरण्याच्या पद्धतीवरूनच पात्र सामुराई, व्यापारी की शेतकरी ते ओळखू येते. मात्र जाळीमागच्या त्या तरुणी बहुधा कर्जापायी विकल्या गेलेल्या गरीब घरच्या मुली होत्या, हे रंगीत चित्रांच्या मोहात विसरले जाते.

तंबाखूच्या या शौकावर पोट भरणाऱ्यांत एक नामवंत लेखकही होता. सान्तो क्योदेनला १७९१ मध्ये रंगेल कथा छापल्याबद्दल पन्नास दिवस हातकड्यांत राहण्याची शिक्षा झाली. लेखणीचा भरवसा उरला नाही, म्हणून १७९३ मध्ये त्याने एदोतील क्योबाशीजवळ तंबाखूच्या पिशव्या आणि नळ्यांचे दुकान काढले. जाहिरात त्याने स्वतःच केली: आपल्या गोष्टींच्या पुस्तकांत दुकानाचा उल्लेख घुसवला आणि चित्रांतून कोडे घालणारी पत्रके काढली. कोडे सोडवण्याच्या नादाने लोक दुकानात येत. लेखकाने स्वतःच्याच पुस्तकात स्वतःच्या मालाची जाहिरात करणे ही आजची शक्कल वाटते. ती सव्वादोनशे वर्षे जुनी आहे.

विरोधी सूरही होता. वैद्य आणि तत्त्वचिंतक काइबारा एकिकेन याने १७१३ च्या आपल्या 'योजोकुन' या आरोग्यग्रंथात तंबाखूला विषारी ठरवले. फायदा थोडा, नुकसान अधिक; सवय लागली की सुटत नाही आणि गरिबाचा पैसा जातो, असे त्याचे म्हणणे. आजच्या वैद्यकापुढे ते टिकणारे आहे. लहान वाटी आणि मऊ धूर यांमुळे किझामी निरुपद्रवी ठरत नाही. डच विद्येचा अभ्यासक ओत्सुकी गेन्ताकू याने १८०९ मध्ये तंबाखूवर स्वतंत्र ग्रंथच प्रसिद्ध केला. तोवर ती परदेशी नवलाई उरली नव्हती. सात्सुमामधील कोकुबू, तोक्योच्या नैर्ऋत्येकडील हादानो, हिताचीतील मितो यांचे पान नावाने विकले जाई. हादानोच्या शेतांवर १७०७ च्या फुजी पर्वताच्या उद्रेकाची राख पडली होती. भाताला नकोशी अशी ती हलकी जमीन तंबाखूने मात्र धरून ठेवली.

किसेरूचा एक उपयोग तिच्या मालकांच्या स्वप्नातही नसेल. एदोच्या थरांत उत्खनन करणाऱ्या पुरातत्त्वज्ञांना ती घड्याळासारखी मदत करते. वाटीचा आकार आणि हंसमानेची कमान काळागणिक बदलत गेल्यामुळे, सापडलेल्या गानकुबीवरून थराचा काळ बांधता येतो. जुन्या थडग्यांतही नळ्या सापडतात. मेलेल्या माणसाला पलीकडच्या प्रवासातही विसावा लागेल, असे घरच्यांना वाटले असणार. आणखी एक गमतीची वस्तू म्हणजे 'गानकुबीसेन'. नळीची वाटी ठोकून चपटी केली की मध्ये भोक असलेल्या नाण्यासारखी दिसते. नाणी दोरीत ओवून मोजण्याचा तो काळ. त्या माळेत असे एखादे खोटे नाणे खपून जाई. धातू आणि पैसा यांचा सुरुवातीला सांगितलेला विनोद रेल्वे येण्याच्या कितीतरी आधीच घडत होता तर!

मेइजी काळात कागदी सिगारेट आली. तोक्योच्या गिन्झामध्ये इवाया मात्सुहेईने 'तेन्गू' या नावाने सिगारेट विकल्या. लाल रंगाने दुकान रंगवले, स्वतः लाल कपडे घातले आणि देशी मालाचा डंका पिटला. क्योतोच्या मुराई किचिबेईने अमेरिकी पान आणि अमेरिकी थाटाची 'सनराइज', 'हीरो' ही नावे आणली. दोघांचे जाहिरातयुद्ध गाजले आणि आजही पुस्तकांतून तेच सांगितले जाते. या झगमगाटाच्या मागे हजारो लहान दुकानांत अजून किझामीच चिरली जात होती, आणि बहुसंख्य जपानी अजून तीच ओढत होते.

तिचा निकाल युद्धाने लावला. १८९४-९५ च्या चीनविरुद्धच्या युद्धानंतर सरकारला पैसा हवा होता. जानेवारी १८९८ पासून तंबाखूचे सर्व पान सरकारलाच विकावे लागू लागले. १९०४ मध्ये रशियाशी युद्ध पेटले आणि त्याच्या खर्चासाठी तंबाखू तयार करण्याचा धंदाही सरकारने ताब्यात घेतला. सिगारेट जुलै १९०४ मध्ये गेली, किझामी एप्रिल १९०५ मध्ये. इवाया आणि मुराईंसारख्या बड्यांना भरपाई मिळाली. मुराईने बँक काढली आणि क्योतोत महालासारखा बंगला बांधला. जिथे आई गुंडाळत होती आणि बाबा चिरत होते, त्या घरांच्या वाट्याला मात्र एवढेच आले की पिढ्यान्‌पिढ्यांचे हातकसब एका कायद्याने बेकायदा झाले. स्वतःच्या पाटावर स्वतःच्या सुरीने विक्रीसाठी तंबाखू चिरणे हा आता गुन्हा होता. १६०९ च्या शोगुनला जे जमले नाही ते १९०५ च्या अर्थखात्याने करून दाखवले. फरक इतकाच की या सरकारला तंबाखू बंद करायची नव्हती, विकायची होती. सरकारी किझामी कारखान्यांत तयार होऊन 'शिराउमे', 'अयामे', 'हागी' अशा फुलझाडांच्या नावांनी बाजारात आली.

नावे देखणी होती, पण दिवस बदलले होते. गिरणीच्या भोंग्याला, आगगाडीच्या वेळापत्रकाला, खंदकातल्या शिपायाला निखाऱ्याचे तबक परवडत नाही. विजारीला कमरपट्टा आला, त्यावर नेत्सुके अडकत नाही. काडी ओढली की पेटणारी आणि चालता चालता ओढता येणारी सिगारेट १९२० च्या दशकात किझामीच्या पुढे गेली आणि मग मागे वळली नाही. १९७९ मध्ये सरकारी मक्तेदारी संस्थेने किझामीचे शेवटचे उत्पादनही थांबवले. ओढणाऱ्यांनी तक्रारी केल्या, काबुकी रंगभूमीलाही ती हवीच होती. पुढच्याच वर्षी 'कोइकी' या नावाने एक किझामी पुन्हा विक्रीस आली. कोइकी म्हणजे ऐटदार, नखरेल. हादानोच्या शेतकऱ्यांनी १९८४ मध्ये शेवटचे पान तोडले. गावाचा तंबाखू उत्सव मात्र दर सप्टेंबरात अजून भरतो. राकुगो कथाकार गुडघ्यांवर बसून हातातला मिटलेला पंखा तोंडाला लावतो, बोटांनी नसलेली गोळी फिरवतो, नसलेल्या नळकांड्यावर 'टक्' करतो, आणि सिगारेटच्याही पुढे गेलेल्या प्रेक्षकांना तो काय करतो आहे ते बरोबर कळते.

आणि नळ्या घडवणारे? निइगाता प्रांतातील त्सुबामे हे किसेरूचे मोठे केंद्र होते. एदो काळापासून तेथे तांबे-पितळ ठोकून लाखो हातांसाठी नळ्या तयार होत. सिगारेटने गिऱ्हाईक पळवले तेव्हा या गावाने पहिल्या महायुद्धाच्या काळात पाश्चात्त्य पद्धतीचे चमचे आणि काटे करायला घेतले. पातळ धातू वाकवून गुळगुळीत करण्याचे कसब हातात होतेच. १९९१ मध्ये नोबेल पुरस्काराच्या नव्वदाव्या वर्षानिमित्त स्टॉकहोमच्या मेजवानीसाठी नवी भांडी-चमच्यांची मालिका घडवली गेली. तिच्यातील काटे, चमचे आणि सुऱ्या त्सुबामेच्या एका कारखान्यातून गेल्या. गावाच्या उद्योगसंग्रहालयात आज त्या चमच्यांच्या पिढीजवळच जुन्या किसेरूंचा मोठा संग्रह मांडलेला आहे.